बाबूराव पेंटर यांची चित्रपट-कारकीर्द : कारागिरी, दिग्दर्शन आणि ‘सावकारी पाश’

‘दिग्दर्शक’ या संज्ञेचा आज रूढ असलेला अर्थ बराच मर्यादित आहे. कथा दुसऱ्याने लिहावी, छायालेखन तिसऱ्याने करावे, नेपथ्य, वेषभूषा, संकलन, जाहिरात ही कामे आणखी वेगवेगळ्या माणसांनी सांभाळावीत आणि या सर्वांना एका हेतूने बांधून ठेवणारा तो दिग्दर्शक, अशी ही श्रमविभागणी आहे. ती चित्रपटाबरोबर जन्मास आलेली नव्हे. चित्रपटाचा व्यवसाय स्थिरावल्यानंतर, भांडवल आणि बाजारपेठ यांच्या सोयीसाठी ती हळूहळू घडत गेली. त्यापूर्वीच्या काळात दिग्दर्शकाचा हात शब्दशः कामात असे. यंत्र उघडणे, पडदा रंगविणे, फिल्म धुणे, पात्राच्या डोक्यावरील मुकुट जुळविणे हे सर्व तो स्वतः करी. मराठी मुलखात अशा दिग्दर्शकाचे सर्वांत ठळक उदाहरण म्हणजे कोल्हापूरचे बाबूराव कृष्णराव मेस्त्री ऊर्फ बाबूराव पेंटर (३ जून १८९० – १६ जानेवारी १९५४) हे होय.

बाबूरावांविषयी मराठीत लिहिले गेले आहे ते पुष्कळसे गौरवपर आहे. ‘कलामहर्षी’ ही पदवी त्यांच्या नावामागे इतकी चिकटली आहे की त्यांच्या कामाची चिकित्सा करणे हाच जणू औचित्यभंग ठरावा. या लेखनात दोन दोष वारंवार आढळतात. पहिला, ‘भारतातील पहिले’ अशा मानांची यादी करण्याचा सोस. दुसरा, एकट्या प्रतिभावंताने सर्व काही शून्यातून उभे केले अशी मांडणी. पहिल्या दोषामुळे तपासणी न होता दावे पुढे जात राहतात. दुसऱ्यामुळे ज्या माणसांच्या श्रमाने व पैशाने हे काम झाले ती माणसे नाहीशी होतात. बाबूरावांच्या कारकीर्दीचे खरे स्वरूप कळावयाचे तर हे दोन्ही बाजूस ठेवून त्यांच्या हातांनी नेमके काय केले, याकडे पाहणे इष्ट.

मेस्त्री घराणे हे कारागिरांचे घराणे होते. वडील कृष्णराव सुतारकाम, लोहारकाम, चित्रकला व मूर्तिकाम अशा अनेक कामांत तरबेज होते. बाबूराव आणि त्यांचे आतेमामे नात्यातले बंधू आनंदराव या दोघांनी कोणत्याही कलाशाळेत रीतसर शिक्षण घेतले नाही. त्यांची शाळा म्हणजे घरचा कारखाना. १९१० ते १९१६ या काळात हे दोघे बंधू नाटक मंडळ्यांचे पडदे रंगविणारे नामांकित चित्रकार म्हणून ओळखले जाऊ लागले. संगीत रंगभूमीच्या त्या भरभराटीच्या दिवसांत पडदा हा नाटकाचा निम्मा थाट असे. राजमहाल, अरण्य, रस्ता, दरबार ही सर्व स्थळे एका सपाट कापडावर अशी उतरवावी लागत की शेवटच्या रांगेतील प्रेक्षकालाही खोलीचा भास व्हावा आणि रंगमंचावरील दिव्यांच्या उजेडात रंग मरून जाऊ नयेत. यथार्थदर्शन आणि प्रकाशाचे गणित या दोन गोष्टी बाबूराव येथे शिकले. पुढे चित्रपटात येताच त्यांनी पहिली गोष्ट केली ती म्हणजे रंगविलेल्या पडद्याऐवजी लांबी, रुंदी व खोली असलेले भरीव नेपथ्य उभे करण्याची. पडद्याचा भ्रम कसा निर्माण होतो हे ज्याला आतून ठाऊक होते, त्यालाच कॅमेऱ्यापुढे तो भ्रम कोठे फसतो हेही प्रथम उमगले, यात नवल नाही.

दादासाहेब फाळके यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ १९१३ साली प्रदर्शित झाला आणि तो पाहून या दोघा बंधूंना चित्रपटाचा ध्यास लागला. फाळके १९१२ मध्ये लंडनला जाऊन कॅमेरा व इतर सामग्री घेऊन आले होते. मेस्त्री बंधूंना तो मार्ग खुला नव्हता. पैसा नव्हता, आणि १९१४ मध्ये महायुद्ध सुरू झाल्यावर परदेशी यंत्रे मिळणे अधिकच दुर्घट झाले. त्यांनी मुंबईच्या जुन्या बाजारातून चित्रपट दाखविण्याचे एक वापरलेले यंत्र, म्हणजे प्रोजेक्टर, विकत घेतले आणि ते खोलून त्याचा अभ्यास सुरू केला.

प्रोजेक्टर खोलून कॅमेरा बनविता येतो हे विधान प्रथमदर्शनी चमत्कारिक वाटते, म्हणून येथे थोडे तांत्रिक विवेचन आवश्यक आहे. दोन्ही यंत्रांचे मर्म एकच आहे. पस्तीस मिलिमीटर रुंदीच्या फिल्मला दोन्ही कडांना छिद्रे असतात आणि प्रत्येक चित्रचौकटीमागे एका कडेला चार छिद्रे येतात. फिल्म सलग वाहत राहिली तर चित्र पुसट होईल. म्हणून ती एका चौकटीपुरती पुढे सरकली पाहिजे, क्षणभर पूर्ण थांबली पाहिजे आणि पुन्हा सरकली पाहिजे. ती सरकत असताना भिंगापुढचा फिरता पडदा प्रकाश अडवितो व थांबताच तो मोकळा करतो. प्रोजेक्टरमध्ये प्रकाश आतून बाहेर जातो, कॅमेऱ्यात तो बाहेरून आत येतो. सरकणे आणि थांबणे यांची यंत्रणा मात्र दोहोंना सारखीच लागते. मूकपटाच्या काळी साधारणतः सेकंदाला सोळा चौकटी हे प्रमाण धरले जाई व फिल्मच्या एका फुटात नेमक्या सोळा चौकटी बसतात. म्हणजे सेकंदाला एक फूट फिल्म. कॅमेऱ्याच्या हँडलच्या एका फेऱ्याला आठ चौकटी सरकत असतील, तर छायालेखकाने सेकंदाला दोन फेरे अशा एकाच लयीत हात चालविला पाहिजे. चौकटीचे अंतर केसभर चुकले तरी पडद्यावर चित्र थरथरते आणि पेटीत सुईच्या टोकाएवढी फट राहिली तरी फिल्म धुरकट होते. थोडक्यात, हे काम घड्याळजीच्या अचूकपणाचे आणि पेटारे करणाऱ्या सुताराच्या सफाईचे आहे. मेस्त्री घराण्याजवळ ही दोन्ही कौशल्ये होती.

आनंदरावांनी सुटे भाग जमवून कॅमेऱ्याची जुळणी आरंभिली. परंतु १९१६ मध्ये त्यांचे निधन झाले. अर्धवट राहिलेले हे काम बाबूरावांनी आपले शिष्य विष्णुपंत दामले यांच्या साहाय्याने १९१८ मध्ये पुरे केले. या तपशिलाकडे विशेष लक्ष द्यावयास हवे. बाबूरावांचा कॅमेरा असे ज्याला आज म्हटले जाते, त्याची कल्पना व आरंभ आनंदरावांचा आहे आणि सिद्धीस नेण्यात दामल्यांचा वाटा आहे. कारखान्यात वस्तू तयार होते ती अशीच. उस्ताद, भाऊबंद आणि शिकाऊ पोरे यांच्या हातांतून ती फिरत असते आणि शेवटी नाव उस्तादाचे लागते. या रीतीत फसवणूक नाही, पण इतिहासकाराने ती रीत ओळखली पाहिजे.

१९१७ मध्ये कोल्हापुरात ‘महाराष्ट्र फिल्म कंपनी’ची स्थापना झाली. तिला आवश्यक असणारे भांडवल तानीबाई कागलकर या गायिकेने पुरविले. मराठी चित्रपटाच्या इतिहासात या नावाचा उल्लेख बहुधा एका ओळीत आटोपला जातो. वस्तुतः ज्या काळी पेढीवाले आणि सरदार चित्रपटाला नाद समजत होते, त्या काळी एका कलावंत स्त्रीने स्वतःच्या मिळकतीतील रक्कम एका अननुभवी चित्रकाराच्या हाती दिली, ही घटना साधी नव्हे. शाहू छत्रपतींचा आश्रयही या उद्योगास लाभला. संस्थानी कोल्हापुरात मल्ल, गवई, नट आणि चित्रकार यांना राजाश्रय असल्याने नव्या कलेला लागणारी माणसे जवळपास मिळत होती. मुंबईसारख्या व्यापारी शहरात पैशाच्या बळावर जे जमविता आले असते, ते येथे ओळखीदेखीने व निष्ठेने जमले.

कंपनीचा पहिला चित्रपट ‘सैरंध्री’ ७ फेब्रुवारी १९२० रोजी पुण्याच्या आर्यन चित्रगृहात प्रदर्शित झाला. विराटाघरी दासीच्या वेषात राहणाऱ्या द्रौपदीची व कीचकवधाची ही कथा महाराष्ट्राला नवी नव्हती. कृ. प्र. खाडिलकरांच्या ‘कीचकवध’ या १९०७ सालच्या नाटकावर सरकारने १९१० मध्ये बंदी घातली होती आणि त्यामुळे या कथेला एक राजकीय अर्थ चिकटला होता. हा अर्थ प्रेक्षक बरोबर घेऊनच चित्रगृहात येत. बाबूरावांनी कीचकाच्या वधाचे दृश्य इतक्या हुबेहूब रीतीने चित्रित केले की प्रेक्षकांना ते सहन होईना, आणि पुढे ते दृश्य कापावे लागले. लोकमान्य टिळकांनी त्यांना ‘सिनेमाकेसरी’ ही पदवी दिली ती याच चित्रपटाच्या प्रसंगी. टिळकांचे निधन त्याच वर्षी १ ऑगस्टला झाले, हे ध्यानात घेतले म्हणजे एका अगदी नवजात कलेकडे त्या पिढीचा सर्वांत मोठा पुढारी कोणत्या दृष्टीने पाहत होता, याची कल्पना येते.

‘सैरंध्री’त स्त्रियांच्या भूमिका स्त्रियांनीच केल्या. गुलाबबाई व अनसूयाबाई या दोघींना अनुक्रमे कमलादेवी आणि सुशीलादेवी ही पडद्यावरची नावे मिळाली. पडद्यावर स्त्री आणण्याचा पहिला मान बाबूरावांना देण्याची प्रथा आहे, ती बरोबर नाही. फाळक्यांच्या ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये दुर्गाबाई कामत आणि त्यांची कन्या कमलाबाई यांनी १९१३ मध्येच काम केले होते. मान पहिलेपणाचा नसला तरी त्या दोघींनी दिलेली किंमत मोठी होती. त्यांच्याच समाजाने त्यांना वाळीत टाकले आणि कंपनीच्या आवारात, बाबूरावांच्या कुटुंबाच्या आधाराने राहण्याची वेळ त्यांच्यावर आली. कंपनी हे एक मोठे घर होते असे जे मोठ्या कौतुकाने सांगितले जाते, त्या घराची ही दुसरी बाजू होय.

बाबूरावांची काम करण्याची पद्धत चित्रकाराची होती. चित्रणापूर्वी ते पात्रांची, वेषभूषेची आणि हालचालींचीही रेखाटने करीत. नट कोठे उभा राहील, कोणत्या बाजूस वळेल, त्याच्या अंगावरील वस्त्राची घडी कशी पडेल हे कागदावर ठरलेले असे. चित्र हळूहळू उजळत जावे व मावळत जावे यासाठी, तसेच डोळे दिपविणारी चकाकी कमी व्हावी यासाठी त्यांनी कॅमेऱ्यावर निरनिराळ्या युक्त्या व गाळण्या वापरून पाहिल्या. या प्रयोगांचे महत्त्व कळण्यासाठी त्या काळची फिल्म कशी होती हे पाहिले पाहिजे. ती निळ्या रंगाला अतिशय संवेदनशील आणि तांबड्याला जवळजवळ आंधळी असे. परिणामी निळे आकाश पांढरेफटक येई, तांबडे ओठ व लाल पागोटे काळेकुट्ट दिसे आणि सावळा चेहरा असावा त्याहून काळवंडे. डोळ्यांना दिसणारे रंग आणि फिल्मवर उमटणारे करडे रंग यांत असा फरक असल्याने, कोणता रंग कोणत्या छटेत उतरेल हे आधी मनात भाषांतरित करून मगच नेपथ्य व वस्त्रे रंगवावी लागत. पडदे रंगविण्यात उमेदीची वर्षे गेलेल्या कलावंतास हे भाषांतर इतरांपेक्षा लवकर साधले असणार, हे उघड आहे.

‘सिंहगड’ (१९२३) हा या प्रयोगशीलतेचा कळस मानला जातो. हरि नारायण आपटे यांच्या ‘गड आला पण सिंह गेला’ या कादंबरीवर तो आधारलेला होता. बाळासाहेब यादव यांनी त्यात तानाजीची भूमिका केली आणि बाबूराव स्वतःही पडद्यावर उतरले. तानाजीने गड घेतला तो रात्री; तेव्हा रात्र दाखविणे भाग होते. दिवसा चित्रण करून फिल्म निळ्या रंगात बुडवायची आणि प्रेक्षकाने ती रात्र समजून घ्यायची, हा त्या काळचा सर्वसाधारण संकेत. बाबूरावांनी कृत्रिम प्रकाशाचा उपयोग करून रात्रीचे प्रसंग चित्रित केले आणि अंधारातून आकृती वर काढण्याचे चित्रकाराचे तंत्र पडद्यावर आणले. भारतीय चित्रपटात कृत्रिम प्रकाशाच्या अगदी आरंभीच्या उपयोगांत याची गणना होते.

या चित्रपटाशी जोडलेली एक आख्यायिका मात्र जपून घेतली पाहिजे. ‘सिंहगड’ला लोटलेली गर्दी पाहून सरकारच्या तोंडाला पाणी सुटले व त्यातून मुंबई इलाख्यात करमणूक कर आला, असे सांगतात. कराचा कायदा १९२३ चा आहे हे खरे. परंतु बंगालने असा कर त्याआधीच, १९२२ मध्ये बसविला होता आणि महायुद्धानंतर सर्वच प्रांतिक सरकारे उत्पन्नाचे नवे मार्ग शोधत होती. एका चित्रपटाच्या गर्दीने कायदा घडविला असे म्हणण्यापेक्षा, कायदा येतच होता आणि त्या गर्दीने त्याला एक सोयीस्कर चेहरा दिला, असे म्हणणे अधिक सयुक्तिक ठरेल.

जाहिरातीच्या क्षेत्रातही त्यांचा कुंचला थांबला नाही. चित्रपटाची माहिती व छायाचित्रे असलेल्या पुस्तिका त्यांनी काढल्या आणि भित्तिपत्रके स्वतः रंगविली. ‘कल्याण खजिना’ (१९२४) या चित्रपटाचे त्यांचे भित्तिपत्रक हे आज उपलब्ध असलेल्या भारतीय चित्रपट-भित्तिपत्रकांत सर्वांत जुने समजले जाते.

आतापर्यंत उल्लेखिलेले चित्रपट पौराणिक वा ऐतिहासिक होते. १९२५ मध्ये मात्र बाबूरावांनी एक अनपेक्षित विषय हाती घेतला. ‘सावकारी पाश’ हा चित्रपट नारायण हरि आपटे यांच्या कथेवर बेतलेला आहे. (‘सिंहगड’चे हरि नारायण आणि ‘सावकारी पाश’चे नारायण हरि या दोन आपट्यांची अदलाबदल विद्यार्थ्यांच्या टिपणांत व काही छापील ग्रंथांतही झालेली दिसते.) एक प्रामाणिक शेतकरी, त्याची जमीन, लबाड सावकार, जमीन गिळंकृत करणारे कागद आणि शेवटी पोट भरण्यासाठी शहरात जाऊन गिरणीत मजूर झालेला तोच शेतकरी, एवढीच कथा. त्यात देव नाही, गड नाही, तलवार नाही. तरुण शेतकऱ्याच्या भूमिकेत व्ही. शांताराम होते.

हा विषय निवडण्यात धाडस होते असे म्हणणे पुरेसे नाही. धाडस नेमके कोठे होते ते पाहिले पाहिजे. सावकारशाहीविरुद्ध दख्खनमध्ये १८७५ मध्ये शेतकऱ्यांचे दंगे झाले होते आणि त्यांतूनच १८७९ चा शेतकरी-संरक्षण कायदा आला होता. म्हणजे प्रश्न सर्वश्रुत होता, कादंबरीत व वृत्तपत्रांत येऊन गेला होता. बाबूरावांनी केले ते हे की राजवाड्यासाठी वापरलेली सगळी दृश्यकला त्यांनी एका झोपडीवर खर्च केली. पौराणिक चित्रपटात दिपवून टाकणारे नेपथ्य उभारणे एक वेळ सोपे, कारण तेथे खरे-खोटे ताडून पाहणारा कोणी नसतो. शेतकऱ्याचे खोपट, त्यातील गाडगी-मडकी, अंगावरचे धोतर हे मात्र प्रत्येक प्रेक्षकाच्या परिचयाचे असते आणि तेथील खोट लगेच उघडी पडते. याच कथेचा बोलपट त्यांनी १९३६ मध्ये पुन्हा केला. अंधूक प्रकाशात चित्रित केलेली भकास झोपडी आणि कुत्र्याचे रडणे एवढ्याच साधनांनी त्यातील एक दृश्य परिणामकारक झाल्याचे निर्माते-दिग्दर्शक जे. बी. एच. वाडिया यांनी नमूद केले आहे. मूळ मूकपटाची थोरवी आपणास हा बोलपट पाहिल्यावर कळली, असा त्यांचा अभिप्राय होता.

‘सावकारी पाश’ला १९२५ मध्ये प्रेक्षकांचा आश्रय मिळाला नाही. चमत्कार व पराक्रम यांना चटावलेल्या प्रेक्षकांना स्वतःच्याच दैन्याचे दर्शन पैसे मोजून घेणे रुचले नाही, असे याचे कारण दिले जाते. ते चुकीचे नसले तरी अपुरे आहे. मूकपटाचा प्रेक्षक बहुतांशी शहरातला व पेठेच्या गावातला होता. ज्यांची ही कथा होती तो शेतकरी चित्रगृहापासून दूरच होता. बाबूराव पुन्हा पोशाखी चित्रपटांकडे वळले ही गोष्ट खरी आहे. तो निर्णय कंपनीचा हिशेब पाहून झालेला असल्याने त्याकडे कलावंताची माघार म्हणून पाहणे अन्यायाचे होईल.

धाराशिव जिल्ह्यातील अभ्यासकास या चित्रपटाचे महत्त्व निराळ्या अंगानेही जाणवावे. ज्या वेळी ‘सावकारी पाश’ तयार झाला त्या वेळी हा जिल्हा निजामाच्या राज्यात होता आणि १८७९ च्या ब्रिटिश कायद्याचा येथे अंमल नव्हता. सीमेपलीकडे बार्शी, सोलापूर हा ब्रिटिश मुलूख, अलीकडे तुळजापूर, परांडा, कळंब हा निजामी मुलूख. बोली एक, यात्रा एक, बाजार एक, परंतु कर्जाचा कायदा दोन प्रकारचा. कुर्डुवाडी-बार्शीकडून येडशी, ढोकी या भागातून १९११ मध्ये लातूरपर्यंत पोहोचलेली बार्शी लाइट रेल्वेची अरुंद रूळवाट या दोन मुलखांना जोडत होती. माल, माणसे आणि करमणूक यांचा याच मार्गाने होणारा प्रवास, तुळजापूर व येरमाळा येथील यात्रांतील तंबूतल्या चित्रपटांचे खेळ आणि त्यांचा प्रेक्षक हा स्थानिक संशोधनाचा एक चांगला विषय आहे. कोरडवाहू शेती व वारंवार पडणारे अवर्षण यांमुळे कर्ज हा येथील शेतकऱ्याच्या जीवनाचा नित्याचा भाग राहिला आहे. महाराष्ट्र सावकारी (नियमन) अधिनियम, २०१४ मध्ये सावकाराने अवैधरीत्या बळकावलेली जमीन मूळ मालकास परत देण्याची तरतूद मुद्दाम घालावी लागली. एकोणनव्वद वर्षांपूर्वी बाबूरावांनी पडद्यावर मांडलेला कागदी फास आणि या कलमात वर्णिलेला व्यवहार यांत फारसे अंतर नाही. बिमल रॉय यांच्या ‘दो बिघा जमीन’ (१९५३) या चित्रपटाची चर्चा करताना इटालीतील वास्तववादाचा उल्लेख अवश्य होतो. जमीन गमावून शहरात मजुरीला गेलेला शेतकरी मराठी दिग्दर्शकाने अठ्ठावीस वर्षे आधी दाखविला होता, याचीही नोंद त्याबरोबर होणे न्याय्य आहे.

हाताने काम करणारा दिग्दर्शक ही घटना केवळ कोल्हापूरची नव्हे. स्पेनमधील तेरुएल येथे १८७१ मध्ये जन्मलेला सेगुंदो दे चोमोन हा बाबूरावांशी तुलना करण्याजोगा कारागीर-दिग्दर्शक आहे. त्याचीही सुरुवात रंगकामापासून झाली. फिल्मच्या प्रत्येक इवल्या चौकटीला हाताने व पुढे साच्यांच्या साहाय्याने रंग देण्याचे काम तो करीत असे. बार्सिलोना व पॅरिस येथे पाते कंपनीसाठी त्याने अनेक चमत्कृतिपट केले. ‘एल ओतेल एलेक्त्रिको’ (१९०८) यात सामानाच्या पेट्या आपोआप सरकतात, ब्रश आपोआप बूट पुसतात. वस्तू किंचित हलवून एकेक चौकट टिपत जाण्याच्या पद्धतीने हे साधले आहे. पुढे इटालीत ‘काबिरिया’ (१९१४) साठी आणि फ्रान्समध्ये आबेल गान्स यांच्या ‘नेपोलियन’ (१९२७) साठी त्याने काम केले व १९२९ मध्ये पॅरिस येथे तो निवर्तला. या दोघांतील साम्य हाताच्या कसबाचे आहे, भेद परिस्थितीचा आहे. चोमोनच्या पाठीशी पातेसारखी जगभर बाजारपेठ असलेली कंपनी होती. यंत्र बिघडले तर दुसरे मिळत होते, आणि स्वतःचे चित्रपट करणे थांबल्यावर इतरांच्या मोठ्या चित्रपटांत तज्ज्ञ म्हणून त्याला स्थान मिळाले. बाबूरावांना यंत्र, कारखाना, भांडवल आणि माणसे ही सर्वच उभी करावी लागली. म्हणून त्यांच्या कारकीर्दीचे मोजमाप चित्रपटांच्या संख्येत करून चालत नाही. त्यांनी घडविलेली माणसे हीही त्यांची कृतीच होय.

ही माणसे थोडीथोडकी नव्हती. दामले आणि शेख फत्तेलाल हे चित्रकला, यंत्रकाम व छायालेखन शिकले ते येथेच. शांताराम १९२० च्या सुमारास कंपनीत आले आणि ‘सुरेखा हरण’ (१९२१) मध्ये कृष्णाच्या भूमिकेत प्रथम पडद्यावर दिसले. केशवराव धायबर, बाबूराव पेंढारकर, झुंझारराव पवार ही नावे याच मांडवाखालची. सर्वांनी सर्व कामे करावयाची ही कंपनीची शिस्त होती. नट म्हणून घेतलेला माणूस सामान उचली, फिल्म धुई, नेपथ्याला रंगाचा हात देई. या शिस्तीचा एक परिणाम असा की काही वर्षांतच प्रत्येक हुशार शिष्य स्वतंत्र चित्रपट काढण्यास समर्थ झाला. दुसरा परिणाम असा की अशा समर्थ शिष्यांना एका उस्तादाच्या हाताखाली सामावून ठेवणे अशक्य झाले. शांताराम यांनी १९२७ मध्ये याच कंपनीसाठी ‘नेताजी पालकर’ दिग्दर्शित केला. १ जून १९२९ रोजी दामले, फत्तेलाल, धायबर, शांताराम आणि सीतारामपंत कुलकर्णी यांनी कोल्हापुरातच ‘प्रभात फिल्म कंपनी’ची स्थापना केली.

या फुटीला कृतघ्नपणा म्हणणारे आणि तिला अपरिहार्य प्रगती म्हणणारे, असे दोन पक्ष आजही आढळतात. वस्तुस्थिती अशी दिसते की कारखान्याची व्यवस्था व कंपनीची व्यवस्था या दोन भिन्न वस्तू आहेत. कारखान्यात काम पुरे होईल तेव्हा पुरे होते; उस्तादाचे समाधान हीच मुदत असते. कंपनीत प्रदर्शनाची तारीख, कर्जावरील व्याज व वितरकाचा तगादा यांना मान द्यावा लागतो. बाबूरावांचा जीव पहिल्या व्यवस्थेत होता. शिष्यांनी गुरूचे कसब घेतले आणि त्याला वेळापत्रकाची जोड दिली. प्रभात १९३३ मध्ये पुण्यास गेली. दामले-फत्तेलाल यांच्या ‘संत तुकाराम’ची (१९३६) व्हेनिसच्या महोत्सवात १९३७ मध्ये प्रशंसा झाली. प्रभातच्याच आवारात १९६० मध्ये केंद्र सरकारची फिल्म संस्था सुरू झाली. त्या संस्थेत चित्रपटाचे शिक्षण स्वतंत्र शाखांत विभागून दिले जाऊ लागले. छायालेखन, संकलन, दिग्दर्शन ही कामे वेगवेगळ्या विद्यार्थ्यांची झाली. ज्या कोल्हापुरी कारखान्यातून या आवाराची परंपरा येते तेथे ती एकाच माणसाने शिकावयाची होती.

शिष्य गेल्यानंतर महाराष्ट्र फिल्म कंपनी फार काळ टिकली नाही. बोलपटाच्या आगमनाबरोबर ती बंद पडली. बोलपटाविषयी बाबूरावांना ओढ नव्हती. मोठ्या कष्टाने घडत आलेली दृश्यभाषा शब्दांच्या गर्दीत नष्ट होईल, असे त्यांना वाटत होते. ही भीती अगदीच अनाठायी नव्हती. आरंभीच्या बोलपटांत ध्वनिग्राहकाभोवती नट खिळून उभे राहत व कॅमेरा जागचा हलत नसे. चित्रपट पुन्हा नाटकाच्या पडद्यापुढे जाऊन बसला होता. तथापि त्यांनी ‘उषा’ (१९३५), ‘सावकारी पाश’ (१९३६) आणि ‘प्रतिभा’ (१९३७) हे बोलपट शालिनी सिनेटोनसाठी दिग्दर्शित केले. त्यानंतर त्यांचे चित्रपट तुरळक होत गेले आणि चित्रकला व शिल्पकला यांत त्यांचा अधिक वेळ जाऊ लागला. शांताराम यांच्या राजकमल संस्थेच्या ‘लोकशाहीर रामजोशी’ (१९४७) या चित्रपटावर दिग्दर्शक म्हणून गुरू व शिष्य या दोघांचीही नावे आहेत. ‘विश्वामित्र’ (१९५२) हा त्यांच्या अखेरच्या चित्रपटांपैकी होय.

त्यांच्या मूकपटांपैकी फारच थोडे शिल्लक राहिले आहे. त्या काळची फिल्म ज्वालाग्राही नायट्रेटची असे. ती आपोआप कुजे, किंवा तीतील चांदी काढून घेण्यासाठी मोडीत निघे. ‘मुरलीवाला’ (१९२७) या चित्रपटाचे काही अंश पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात आहेत. ‘सैरंध्री’, ‘सिंहगड’ आणि १९२५ चा ‘सावकारी पाश’ यांचा विचार स्थिरचित्रे, पुस्तिका, भित्तिपत्रके व समकालीनांच्या आठवणी यांवरूनच करावा लागतो. बाबूरावांच्या बाबतीत ही साधने इतरांहून अधिक बोलकी आहेत, कारण पुस्तिका त्यांनीच सिद्ध केल्या होत्या व भित्तिपत्रके त्यांच्याच कुंचल्याची होती. चित्रणापूर्वीच्या रेखाटनांत नटाच्या उभे राहण्याची जागा आणि प्रकाशाची दिशा ठरलेली असे. तेव्हा एखाद्या नष्ट चित्रपटाची स्थिरचित्रे अशा रेखाटनांशेजारी ठेवून दृश्यरचनेचा माग काढणे, हे काम कला-इतिहास व चित्रपट-अभ्यास या दोन्ही शाखांच्या विद्यार्थ्यांनी मिळून हाती घेण्याजोगे आहे.